टिपकागदावरचे आठ ठिपके

१

टेबलावर दोन कागद शेजारी शेजारी ठेवलेले होते. दोन्हींवर नाव एकच, पायल सावळीराम पिंगळे, वय अठरा. कान टोचल्यावर रक्त थांबायला किती वेळ लागला? पहिला कागद म्हणत होता चार मिनिटं, म्हणजे ठाकठीक; दुसरा म्हणत होता दहा, म्हणजे धोक्याची. पहिला रंगपंचमीच्या संध्याकाळचा, याच हॉस्पिटलच्या लॅबचा. दुसरा काल सकाळचा, गावातल्या दुसऱ्या लॅबचा. या दोन कागदांच्या मध्ये पायल मरता मरता वाचली होती.

"दोन्हींतला एक खोटा आहे, सिस्टर," डॉक्टर गुंजाळ म्हणाले. "कुठला, ते सांगायला ज्योतिषी नको."

सिंधुबाई पगारेंनी पदरानं चष्मा पुसला. सरकारी दवाखान्यात छत्तीस वर्षं काढून, त्यातली शेवटची अकरा मेट्रन म्हणून, त्या दोन वर्षांपूर्वी, म्हणजे शहाण्णव साली निवृत्त झाल्या होत्या. गुंजाळ शिकाऊ डॉक्टर असताना त्याला पहिली शीर त्यांनीच शोधून दिली होती. आता त्याचं नाशिकच्या द्वारका भागात स्वतःचं कान-नाक-घशाचं हॉस्पिटल होतं, पण बाईंसमोर तो अजून खुर्चीच्या कडेवरच बसत असे.

"एवढं कळतंय, तर मला कशाला बोलावलंस?"

"आमचा लॅबवाला भिकन तसा मुलगा नाही, म्हणून. टॉन्सिलचं ऑपरेशन झकास झालं होतं. संध्याकाळी घशातून रक्त सुरू झालं ते थांबेचना. बाटल्यांवर बाटल्या चढवल्या तेव्हा पोरगी हाती लागली. आता सगळे म्हणतात, भिकननं तपासणी केलीच नाही. घरी जायची घाई, ठोकून दिला आकडा. मी तरी काय उत्तर देऊ?"

दार धाडकन उघडलं. आत आला तो पायलचा बाप. सावळीराम मखमलाबादकडचा गुलाबाचा बागायतदार, हातांवर काट्यांच्या जुन्या रेघा. सकाळच्या दाढीत हनुवटी कापली असावी, कारण तिथं वर्तमानपत्राचा कपटा चिकटवलेला होता आणि तो मधोमध लाल झाला होता. बोलता बोलता त्यानं खिशातून तुरटीचा खडा काढून हनुवटीवर दाबला.

"डॉक्टर, खाली आमची पंधरा मानसं उभी हायेत. पाच वाजेपस्तोर मी थांबतो. मंग पोलिसात कागद जाईल, आन् त्याच्या आधी त्या भिकनचा हात मोडंल. ज्या हातानं खोटं लिहिलं, तोच."

तो आला तसा निघून गेला. भिंतीवरच्या घड्याळात साडेतीन वाजले होते.

"भिकनचं रजिस्टर आण," सिंधुबाई म्हणाल्या.

भिकन अहिरेची एक सवय सगळ्या हॉस्पिटलला ठाऊक होती आणि सगळे तिला हसत. कान टोचल्यावर दर अर्ध्या मिनिटाला तो टिपकागदानं रक्त टिपायचा. ठिपके लहान लहान होत जायचे आणि थांबायचे. हे मोजून लोक कागद फेकून देतात. भिकन तो वाळवून रजिस्टरात त्या पेशंटच्या नावापुढे डिंकानं चिकटवायचा. पान उलटावं तसे लाल ठिपक्यांचे पट्टे दिसत होते, एकेका माणसाचा एकेक.

रंगपंचमीच्या पानावर बारा नावं होती. अकरा नावांपुढे पट्टे होते. बाराव्या नावापुढे, पायल पिंगळे, नुसता डिंकाचा वाळका डाग होता. पट्टा कुणीतरी ओढून काढला होता.

२

"मी चिकटवला होता बाई," भिकन म्हणाला. तो लॅबच्या कोपऱ्यात स्टुलावर बसला होता, उजवा हात डाव्या काखेत दाबून. जणू कुणी तो आत्ताच मोडायला निघालं होतं. "आठ ठिपके. शेवटचा मोहरीएवढा. आईची शपथ."

"शपथा ठेव. रजिस्टर कुणाच्या हातात गेलं होतं?"

"परवा त्या लोकांनी इथं गोंधळ घातला ना, तेव्हा टेबलावर उघडंच होतं. डॉक्टर होते, पायलचे वडील होते, तिची ती मावसबहीण होती, रूपाली. दोन नर्स होत्या. कुणाकुणाच्या हातात गेलं, काय सांगू?"

सिंधुबाई विचारात पडल्या. खोटं बोलणाऱ्याला आपल्या खोट्याचा पुरावा फाडायचं कारण असतं. पण भिकननं तपासणी केलीच नसती, तर चिकटवायला पट्टा कुठून आला असता? आणि डिंक तर होता.

"ती आली तेव्हा कशी होती?"

"लॅब बंद करत होतो. सात वाजत आले असतील. दोघी मुली धावत आल्या. एक कोरडी, एक नखशिखांत ओली. ओली होती ती खुर्चीवर बसली. धापा टाकत होती. मी नाव विचारलं, तर कोरडीनंच सांगितलं, पायल पिंगळे."

"म्हणजे खुर्चीवरची बोलली नाही?"

"नाही बाई."

"तोंड आठवतं तिचं? वॉर्डात आहे तीच का ती?"

भिकनच्या तोंडाचं पाणी पळालं. "रंगपंचमी होती बाई. कपाळापासून गळ्यापर्यंत पिवळी. त्या दिवशी बाराच्या बारा पेशंट रंगलेले. कुणाचं तोंड ओळखू येतं?" मग एकदम त्याला आपण काय बोललो ते कळलं आणि तो आपल्या सटाण्याकडच्या बोलीवर घसरला. "पण टोचेल शे, बाई! तो कान मी टोचेल शे!"

"टोचलास, मानलं," सिंधुबाई म्हणाल्या. "पण कुणाचा?"

३

वॉर्डात पायल उशीला टेकून बसली होती. तोंड कापसासारखं पांढरं. घशामुळे तिला बोलायची बंदी होती. पायथ्याशी रूपाली बसली होती, तिच्याहून दोन वर्षांनी मोठी, जुन्या नाशकातली. ऑपरेशनच्या आधी पायल चार दिवस रूपालीकडे, म्हणजे मावशीच्या घरीच, मुक्कामाला होती. सावळीराम खिडकीशी उभा राहून खालच्या माणसांना खुणा करत होता.

सिंधुबाईंनी बसायला स्टूल ओढलं आणि सरळ मुद्द्याला हात घातला. "सावळीराम, रंगपंचमीला पोरगी रंग खेळली होती?"

"नाय. आमची म्हातारी आई दिवाळीत वारली. वरीसश्राद्ध होईस्तोर घरात सण नाय, रंग नाय. पोरीनं बोट बी लावलं नसंल रंगाला. माझा शबुद हाय तिला."

"भिकननं ज्या मुलीचा कान टोचला ती रंगानं भिजलेली होती."

सावळीराम वळला. एक क्षण त्याला काही कळलं नाही आणि मग सगळंच कळल्यासारखं झालं. "म्हंजी ती माझी पायल नव्हती." त्यानं रूपालीकडे पाहिलं. "पायल सुईला लय भेती. लहानपनापासून. तू बसलीस व्हय तिच्या जागी? तुझं रक्त दिलंस?"

"काका..."

"बोल!"

दाराशी आलेल्या गुंजाळांनी सुटकेचा श्वास टाकला, तो सिंधुबाईंनी ऐकला. कुणाचंच वाईट न होता गाठ सुटत होती. लॅब खरी, रिपोर्ट खरा, फक्त रक्त दुसऱ्या मुलीचं. भिकन सुटला, डॉक्टर सुटले. अडकली ती वीस वर्षांची एक पोर. आणि ती पोर खाली मान घालून गप्प होती. हो म्हणत नव्हती, नाही म्हणत नव्हती.

सावळीरामचा हात उठला. तेवढ्यात लोखंडी कॉटवर ठण ठण आवाज झाला. पायल हातातला स्टीलचा पेला कॉटवर आपटत होती आणि जोरजोरात मान हलवत होती. नाही, नाही, नाही. डोळ्यांतून पाण्याच्या धारा लागल्या होत्या.

"हात खाली," सिंधुबाई सावळीरामला म्हणाल्या, ज्या आवाजात त्या एके काळी अख्खा वॉर्ड झोपवत. मग त्यांनी पायलचं डोकं हलकेच आपल्या पोटाशी घेतलं, थोपटलं, आणि थोपटता थोपटता त्यांची बोटं थांबली.

पायलच्या कानामागे, केसांच्या मुळाशी, कातडी पिवळी होती.

छत्तीस वर्षांच्या सवयीनं त्यांच्या मनात पहिली आली ती कावीळ. त्यांनी पायलची खालची पापणी ओढून पाहिली. डोळा पांढरास्वच्छ. नख दाबून पाहिलं. पिवळेपणाचा मागमूस नाही. कावीळ कधी कानामागे लपून बसत नाही. हा रंग होता, सहा दिवस धुऊनही न गेलेला.

त्यांनी केस पुन्हा नीट झाकून टाकले. "रूपाली," त्या शांतपणे म्हणाल्या, "गच्चीवर चल माझ्याबरोबर. आणि तुझी पर्स घे."

४

गच्चीवर चादरी वाळत होत्या. रूपाली कठड्याशी जाऊन उभी राहिली आणि तिला रडूच कोसळलं.

"पट्टा दे," सिंधुबाई म्हणाल्या. "त्या गोंधळात रंग लपवायची गरज तुलाच होती."

तिनं पर्समधून वहीचं पान काढलं. त्याच्या घडीत भिकनचा टिपकागद होता. एका ओळीत आठ ठिपके. पहिला जुन्या चवलीच्या नाण्याएवढा, मग उतरत उतरत आठवा मोहरीएवढा. आणि पहिल्या पाच ठिपक्यांभोवती पिवळी कडा होती, ओल्या कानावरून रक्ताबरोबर कागदात शिरलेली.

"हा पिवळा काकांनी पाहिला असता तर त्यांना लगेच कळलं असतं," रूपाली म्हणाली. "आमच्या रहाडीचा रंग आहे तो. म्हणून गोंधळात मी तो काढून घेतला. भिकनदादा त्यात अडकेल हे मला सुचलंच नाही. खरंच नाही सुचलं."

मग तिनं सगळं सांगितलं. नाशिकच्या माणसाला रहाड सांगावी लागत नाही. जमिनीखालचा दगडी हौद, वर्षभर बुजवलेला, रंगपंचमीला उघडतात, रंगाच्या पाण्यानं भरतात आणि लोक वरून धप्पा मारतात. पायलनं मखमलाबादला राहून जन्मात रहाड पाहिली नव्हती. नुसतं लांबून बघू, लॅब सातपर्यंत उघडी आहे, असं रूपालीनंच तिला फूस लावून नेलं होतं. कडेला उभ्या होत्या. मागून गर्दीचा लोंढा आला आणि पायल आत पडली.

"तिला पोहता येत नाही. वर एक माणूस पडला, मग दुसरा. मला ती दिसेचना. किती वेळ गेला देव जाणे. दोघांनी केसाला धरून वर काढली. बाई, तिच्या तोंडातून शब्द फुटत नव्हता. छाती अशी धाडधाड उडत होती की मला बाहेरून दिसत होती. तेवढ्यात मला आठवलं, सात वाजतायत, रिपोर्ट नसला तर ऑपरेशन रद्द होईल आणि काका विचारतील कुठे होतात. तशीच हाताला धरून पळत सुटले, थेट लॅबपर्यंत. तिला सुईचंसुद्धा भान नव्हतं. भीतीनं तिचं रक्तच गोठलं होतं."

सिंधुबाई चादरीआडून बाहेर आल्या. "काय म्हणालीस?"

"रक्त गोठलं होतं. म्हणजे बोलायची पद्धत..."

"पुन्हा म्हण."

रूपालीनं भांबावून पुन्हा म्हटलं. सिंधुबाईंनी टिपकागद उन्हात धरला आणि आठ ठिपके पहिल्यापासून मोजले. पिवळी कडा सांगत होती, कान पायलचाच. ठिपके सांगत होते, तपासणी झाली, मनापासून झाली. म्हणजे पहिला कागद खरा. आणि कालचाही खरा. एकच मुलगी, एकच रक्त, आणि चार आणि दहा दोन्ही खरे.

"अगं, आपण सगळे जन्मभर बरोबर बोलत आलो," त्या पुटपुटल्या. "फक्त कान देऊन ऐकलं नाही."

खालून आरडाओरडा ऐकू आला. सावळीरामची माणसं लॅबच्या दारापर्यंत पोचली होती. पाचाला वीस मिनिटं कमी होती.

५

सिंधुबाईंनी आधी मुंबईला फोन लावला, त्यांच्या ओळखीच्या एका रक्ततज्ज्ञ डॉक्टरीणबाईंना. चार मिनिटं बोलल्या, त्यात तीन मिनिटं नुसतं "हो, हो" केलं. मग लॅबच्या दारात जाऊन उभ्या राहिल्या. आत भिकन, बाहेर पंधरा माणसं, मध्ये साडेचार फुटांच्या मेट्रनबाई.

"सावळीराम, तू एकटा आत ये. गुंजाळ, तूसुद्धा. बाकीच्यांनी खाली चहा प्या."

बाईंचा आवाजच तसा होता. माणसं कुरकुरली आणि उतरली.

त्यांनी टिपकागद टेबलावर ठेवला आणि रहाडीची गोष्ट काही न लपवता सांगितली. सावळीरामचं तोंड तांबडंलाल झालं, पण पोरगी पाण्याखाली गेली होती हे ऐकल्यावर त्यातला राग ओसरला आणि तो मटकन बसला.

"आता नीट ऐक. माणूस घाबरला, जीव मुठीत धरून धावला, की शरीर एक रस रक्तात सोडतं. डॉक्टर लोक त्याला ॲड्रेनालिन म्हणतात. वाघ मागं लागला तर पळता यावं, आणि पंजा लागलाच तर रक्त लवकर थांबावं, अशी ती सोय आहे. रक्तातले प्लेटलेट त्यानं चिकट होतात. त्यांना जखमेशी धरून ठेवणारा एक डिंकासारखा पदार्थ असतो, तो शरीर राखून ठेवतं. भीतीत तोही भराभर रक्तात ओतला जातो. पायलच्या रक्तात तो डिंक जन्मापासून कमी असावा. एरवी तिचं रक्त थांबायला दहा मिनिटं लागतात. त्या संध्याकाळी बुडता बुडता वाचून, पळत येऊन ती खुर्चीवर बसली, तेव्हा चार मिनिटं लागली. भिकननं जे पाहिलं तेच लिहिलं. दुसऱ्या दिवशी ऑपरेशनला पोरगी गुंगीत, शांत. भीती उतरली तशी उसनी आणलेली ताकदही उतरली होती."

गुंजाळ हळूच म्हणाले, "पण सिस्टर, मी तिला विचारलं होतं. फॉर्मवर आहे. पूर्वी कधी रक्तस्रावाचा त्रास? उत्तर, नाही."

"तू रक्तस्राव विचारलास. त्यांच्या घरात रक्तस्राव कुणाला होत नाही रे. सावळीराम, पोरीच्या नाकाचा घोळणा फुटतो का?"

"घोळना व्हय? उन्हाळ्यात नेमानं फुटतो. तासतासभर. ती उष्नता हाय, कांदा फोडून हुंगवतो आमी. त्याचा काय संबंध?"

गुंजाळांनी डोळे मिटून घेतले. भिकन कोपऱ्यात तसाच उभा होता, हात अजून काखेत.

"पटत नाय," सावळीराम म्हणाला. आवाजात मघाचा जोर नव्हता, पण हट्ट होता. "आमच्या घरान्यात आसं कुनालाच नाय. ही डिंकाची गोष्ट तुमी भिकनला वाचवायला रचली."

सिंधुबाई त्याच्याकडे बघत राहिल्या. "दाढी किती वाजता केलीस आज?"

"सा वाजता. का?"

"आता पाच वाजलेत. हनुवटीवरचा कागद अजून ओला आहे. मी आल्यापासून तू तीनदा बदललास. गुलाबवाल्यांच्या खिशात कात्री असते, सावळीराम. तुझ्या खिशात तुरटी असते. कधीपासून?"

सावळीरामचा हात आपोआप खिशाकडे गेला आणि तिथंच थांबला. "बापानं दिली व्हती," तो म्हणाला. "तो बी ठेवायचा."

मग सावळीराम उठला, पेशंटच्या खुर्चीवर जाऊन बसला आणि मान वाकडी करून कान पुढे केला. "टोच."

भिकननं सुई घेतली नाही. दिवसभरात पहिल्यांदा त्यानं उजवा हात काखेतून काढला आणि घड्याळाकडे दाखवला. "आत्ता नाही, काका," तो म्हणाला. "तुम्ही रागात आहात. रागातला आकडा खोटा येईल. अर्धा तास निवांत बसा. मग टोचतो."

सिंधुबाईंना हसू आलं ते त्यांनी पदराआड केलं. सोनारानंच कान टोचावेत हेच खरं.

हात मोडायला आलेला माणूस अर्धा तास त्या लॅबमध्ये मुकाट बसून राहिला. रूपाली दारातून डोकावली तर तिला हातानंच जवळ बसवून घेतलं. साडेपाचला भिकननं त्याचा कान स्पिरिटनं पुसला, टोचला, घड्याळ लावलं. पहिला ठिपका, दुसरा, तिसरा. आठवा आला तो पहिल्याएवढाच मोठा होता. बाराव्याला पट्टी संपली. भिकननं दुसरी घेतली. सावळीराम घड्याळाकडे बघत नव्हता, त्या कागदाकडे बघत होता. सतरा. अठरा. एकोणीस.

"म्हंजी पोरीला हे माझ्याकडनंच आलं," तो म्हणाला.

"मुंबईची पक्की तपासणी होऊ दे आधी," सिंधुबाई म्हणाल्या. "वारशानं आल्याचा दोष नसतो. ठाऊक नसल्याचा असतो. आता ठाऊक झालं, यापुढं पोरीला कुठलाही डॉक्टर हात लावायच्या आधी हे सांगायचं. दात काढायचा असला तरी."

विसावा ठिपका अगदी बारीक आला. एकविसावा आलाच नाही. भिकननं आकडा लिहिला, दोन्ही पट्ट्या वाळायला ठेवल्या आणि पायलचा आठ ठिपक्यांचा पट्टा पुन्हा डिंक लावून त्याच्या जागेवर चिकटवला. तेवढ्यात सावळीरामच्या कानावर पुन्हा एक लाल थेंब जमला. भिकननं कापसाचा बोळा घेतला आणि त्याच्या कानाच्या पाळीवर दाबून धरला.

"किती येळ धरशील?" सावळीरामनं विचारलं.

"थांबेपर्यंत," भिकन म्हणाला.

सावळीरामनं डोळे मिटले आणि त्या हातावर आपल्या डोक्याचा भार सोडला.